मुळीकांचा 'ळ'

दिवाळीला आठवडा राहिला की आईचा फोन येतो आणि त्यात एकच प्रश्न असतो. 'कधी येऊन राहिली?' मी फ्रीलान्सर आहे. म्हणजे बॉस नाही, पण डेडलाइन सतरा. रजा मागायची कोणाकडे हाच प्रश्न असल्यामुळे मी स्वतःच स्वतःची रजा मंजूर करते आणि पुणे-चंद्रपूर ट्रॅव्हल्सची स्लीपर पकडते. रात्र आणि वर एक सकाळ खर्ची घातली की वरोरा येतं.

'वरोरा म्हणजे नक्की कुठे गं?' हा प्रश्न मला पुण्यात आल्यापासून किमान दोनशे वेळा विचारला गेलाय. माझं उत्तर पाठ आहे. आनंदवन माहितीये? बाबा आमटे? तेच वरोरा. मग समोरच्याच्या चेहऱ्यावर एकदम आदर येतो, जणू मीच तिथे आयुष्य वाहून आलेय. (नाही हो. आम्ही शाळेच्या सहलीला तिथे डबा खायला जायचो.) ज्यांना बाबा आमटे आठवत नाहीत, ते ताडोबावर येतात. 'वाघ दिसतात का?' दिसतात. कॉमिक्सबद्दल मात्र आजपर्यंत कोणी विचारलेलं नाही, आणि आज मला त्याचंच सांगायचंय.

तर, या वर्षी मी घरी पोचले तेव्हा आई माळा साफ करून राहिली होती. (आमच्याकडे कोणी साफसफाई करत नाही, करून राहतो.) अंगणात जुने डबे, तुटका स्टूल, बाबांच्या स्कूटरचं टायर, आणि या सगळ्यात ती हिरवी लोखंडी पेटी. रद्दीवाला दुपारी येणार होता. आई म्हणाली, 'त्या पेटीतलं सगळं किलोवर जाऊ दे. वाळवी लागून राहिली त्याले.'

मी झाकण उघडलं आणि माझी दिवाळी तिथेच सुरू झाली. नागराज. सुपर कमांडो ध्रुव. भोकाल. अमर चित्र कथा. टिंकलचे कव्हर फाटलेले अंक. पेटी मुळात मामाची. तो माजरीच्या कोळसा खाणीत नोकरीला होता आणि तिथल्या वेकोलि कॉलनीत अर्धा भारत राहायचा. यूपीचे, बिहारचे, तेलुगू, छत्तीसगढी. सगळ्या पोरांची कॉमन भाषा हिंदी, म्हणून कॉमिक्सही हिंदी. मामाकडून पेटी दादाकडे आली आणि दादाकडून माझ्याकडे. दादा माझ्याहून सहा वर्षांनी मोठा, त्यामुळे मी जे काही वाचलं ते त्याने आधी वाचून, त्यावर पाणी सांडून, मधलं पान फाडून मग माझ्यापर्यंत आलेलं.

मधलं पान तो फाडायचा त्याला कारण होतं. त्याला ते चित्र समोर भिंतीला चिकटवून कॉपी करायचं असायचं.

नागपंचमीची एक गोष्ट सांगते. आमच्याकडे आजी त्या दिवशी भिंतीवर नाग काढायची आणि त्याची पूजा व्हायची. लाह्या, दूध, हळदकुंकू. एका वर्षी आजीचा हात दुखत होता, म्हणून तिने दादाला सांगितलं, 'तूच काढून दे रे बाबू.' बाबू तेव्हा सातवीत. त्याने अर्धा तास घेतला, आणि आजी पूजेचं ताट घेऊन आली तेव्हा भिंतीवर नाग नव्हता, नागराज होता. दंड फुगवलेला, अंगावर खवले, आणि मनगटातून सळसळत निघालेले सात-आठ साप. मी श्वास रोखून धरला. आजीने चष्मा सारखा केला, दोन मिनिटं पाहिलं, आणि म्हणाली, 'साप चांगले काढले. माणूस कोण हाय?' दादा म्हणाला, 'सापांचा राजा.' मग काय, आजीने सरळ त्यालाच हळदकुंकू वाहिलं. दिल्लीच्या राज कॉमिक्सला कल्पना नसेल, पण त्यांचा हिरो आमच्या घरी रीतसर पूजला गेलाय.

आता मुद्द्याचं. तो नागराज दादाने ज्याचा पाहून काढला, तो माणूस कोण?

तुमच्यापैकी ज्यांनी नागराज वाचलाय त्यांना विचारते. नागराजची शक्ती कुठून आली? बरोबर, प्रोफेसर नागमणीने त्याला दहशतवादाचं हत्यार म्हणून तयार केलं होतं. त्याला सोडवलं कोणी? बाबा गोरखनाथांनी. छान. पैकीच्या पैकी. आता सांगा, १९८६ साली पहिल्या अंकात तो चेहरा पहिल्यांदा कागदावर कोणी काढला? शांतता. अहो, मीही अशीच गप्प होते. नाव रोज डोळ्यांसमोर होतं आणि वाचलं नव्हतं. प्रताप मुळीक.

आणि जेव्हा वाचलं, तेव्हा चुकीचं वाचलं. हिंदीत 'ळ' नाही. त्यामुळे हिंदी अंकांत मुळीकांचं मुलिक झालेलं. इंग्रजीत तर स्पेलिंग असं की कलकत्त्याचा एखादा मल्लिकबाबू वाटावा. लहानपणी आमच्या घरात ठाम समज होता की नागराज एक बंगाली माणूस काढतो, धोतर नेसून, बाजूला माशाची आमटी घेऊन. मास कॉमला असताना एका असाइनमेंटसाठी भारतीय कॉमिक्सवर वाचायला घेतलं तेव्हा कळलं की हा बंगालीबाबू आपला मराठी माणूस. आणि राहायला कुठे? पुण्यात! जिथे मी मेसचा डबा खात ती असाइनमेंट लिहीत होते, त्याच शहरात बसून या माणसाने सगळ्या हिंदी पट्ट्याला वेड लावणारा हिरो काढला होता. मी तेव्हाच्या तेव्हा दादाला फोन केला. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, 'म्हणजे मराठी माणूस होता तो? आधी माहीत असतं तर...' आणि वाक्य तिथेच सोडलं.

ते अर्धं वाक्य मला खूप दिवस पुरलं. त्यावर नंतर येते.

मुळीकांचं करिअर बघितलं तर आपण सगळे ज्याला 'रेंज' म्हणतो ना, ती तिथे दिसते. नागराजच्या दीड दशक आधी ते अमर चित्र कथेसाठी काम करत होते. 'राम' त्यांनी काढला. 'शिवाजी' त्यांनी काढला, आणि त्या अंकाचं लेखन होतं भा. रा. भागवतांचं. हो, तेच फास्टर फेणेवाले! फास्टर फेणेचा बाप शब्द देतोय आणि नागराजचा बाप चित्र देतोय, आणि मध्ये शिवाजी महाराज. असा अंक आमच्या पेटीत होता आणि आम्ही त्याच्यावर चहाचा कप ठेवायचो.

मग १९८०च्या दशकात आला 'सुप्रिमो'. अमिताभ बच्चन तेव्हा इतका मोठा होता की त्याला माणसाच्या रोलमध्ये ठेवणं लोकांना कमीपणाचं वाटत असावं. म्हणून त्याचं कॉमिक निघालं. घट्ट सूट, कमरेला गुंडाळलेलं वस्त्र, डोळ्यांवर मोठा गॉगल. सोबत विजय आणि अँथनी ही दोन मुलं आणि शाहीन नावाचा ससाणा. कथांच्या सल्ल्यासाठी चक्क गुलजार. आणि चित्रं? प्रताप मुळीक. अमिताभचा चेहरा काढणं म्हणजे काय दिव्य असेल, विचार करा. राम कसा दिसायचा हे कोणी पाहिलेलं नाही, त्यामुळे चित्रकाराला सूट असते. अमिताभ कसा दिसतो हे पानवाल्यालाही माहीत. नाकाची रेघ जरा इकडची तिकडे झाली की पोरं म्हणणार, हा तर डुप्लिकेट आहे.

आणि त्यानंतर नागराज. म्हणजे देव झाले, राजा झाला, सुपरस्टार झाला, आणि मग ज्याचा आगापिछा नाही असा एक हिरवा माणूस. कथा परशुराम शर्मांची, प्रकाशन राजकुमार गुप्तांचं. पुढे त्यांच्या सोबतीने आणि त्यांच्यानंतर नागराजच्या पानांवर जी नावं आली तीही बघा. संजय अष्टपुत्रे, मिलिंद मिसाळ, विठ्ठल कांबळे. दिल्लीच्या कॉमिक्सचा अर्धा स्टाफ मराठी शाळेतल्या हजेरीपटासारखा वाटतो. भोकाल काढला तोही कदम स्टुडिओने, म्हणजे दिलीप कदम आणि मंडळींनी. हे तेच दिलीप कदम ज्यांनी अमर चित्र कथेचं बेचाळीस अंकांचं महाभारत काढलं. बेचाळीस! मला एक कॉलम लिहायला चार चहा लागतात. कदमांनीच अमर चित्र कथेचा 'बाबासाहेब आंबेडकर' हा अंकही काढला. आमच्या चंद्रपूर जिल्ह्यात त्या अंकाचं मोल वेगळं सांगायला नको. बाबासाहेबांनी १९५६ साली नागपूरनंतर लगेच दीक्षा दिली ती चंद्रपुरात.

१९९०च्या दशकाच्या मध्यापासून नागराज अनुपम सिन्हांच्या हातात गेला. ते ध्रुवचे जनक, लिहायचेही स्वतः आणि काढायचेही स्वतः. त्यांचा नागराज जास्त चकाचक, जास्त स्नायूवाला. माझ्या वयाच्या मुलांना तोच आवडतो. पण दादा मुळीकांचाच भक्त. परवा आम्ही दोघं पेटीपुढे फतकल मारून बसलो तेव्हा मी त्याला विचारलं, 'नेमका फरक काय रे?' त्याने एक पान उघडलं आणि नखाने एक रेघ दाखवली. 'ही बघ. जाड सुरू झाली आणि बारीक होत संपली. दंड वळतो तिथे पुन्हा जाड. हे पेनाचं काम वाटत नाही, ब्रश असेल. आणि ब्रशने काढलेली रेघ परत नाही घेता येत. कंट्रोल झेड नाही ना तिथे.'

कंट्रोल झेड हा त्याच्या रोजच्या जगण्यातला शब्द आहे, कारण दादा वरोऱ्यात फ्लेक्सचं डिझाइन करतो.

हे तुम्हाला जरा नीट सांगायला हवं. दादा एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या दोन्ही ड्रॉइंगच्या परीक्षांत ए ग्रेडने पास झालेला मुलगा. बारावीनंतर त्याला नागपूरला चित्रकला शिकायची होती. बाबा व्हिलन वगैरे नाहीत. त्यांनी फक्त विचारलं, 'चित्रं काढून पोट भरणारा एक माणूस दाखव, आपल्यातला.' आपल्यातला म्हणजे मराठी, मध्यमवर्गीय, ज्याला गॉडफादर नाही असा. दादाने खूप विचार केला आणि त्याला एकही नाव सुचलं नाही. नागराजवाला तर बंगाली होता ना! त्याने डिप्लोमा केला, कंपनीत सहा महिने काढले, कंटाळून परत आला आणि बस स्टँडजवळच्या एका फ्लेक्सच्या दुकानात कोरल ड्रॉ शिकला. दहा वर्षं झाली. आता तोच तिथला मुख्य डिझायनर.

'आधी माहीत असतं तर' हे ते अर्धं वाक्य. बाकीचं अर्धं तुम्हाला कळलं असेल.

एक 'ळ' पडला म्हणून माझ्या भावाचं करिअर हुकलं असं मी म्हणणार नाही, तेवढी फिल्मी मी नाहीये. कदाचित नाव कळलं असतं तरी बाबा म्हणाले असते, 'तो एकटा, बाकीच्यांचं काय?' आणि बाबांचा मुद्दा अगदीच चूक नव्हता. कॉमिक्समध्ये जगभर चित्रकाराला बहुधा पानामागे पैसे मिळत आलेत. पान द्या, चेक घ्या, विषय संपला. पात्र कंपनीचं. सगळ्यांत प्रसिद्ध उदाहरण सुपरमॅनचं. १९३८ साली जेरी सीगल आणि जो शुस्टर या दोन पोरसवदा मित्रांनी सुपरमॅनचे हक्क विकले एकशे तीस डॉलरला. पुढे सिनेमे, खेळणी, टी-शर्ट सगळं झालं आणि हे दोघं म्हातारपणी पैशांना मोताद. १९७५ साली, नवा सिनेमा येऊ घातलेला असताना, वर्तमानपत्रांत बोंब झाली तेव्हा कंपनीने दोघांना वर्षाला वीस हजार डॉलर देऊ केले. आणि आणखी एक गोष्ट मान्य केली. निर्माते म्हणून दोघांची नावं परत छापायची. पैशांइतकेच ते नावासाठी भांडले होते, हे मला फार खरं वाटतं.

नावाची अजून एक गंमत ब्राझीलमध्ये झाली. तिकडे एक जबरदस्त चित्रकार आहे, माइक डिओडाटो. १९६३चा जन्म. वंडर वुमन काढून गाजला, मग मार्व्हलसाठी हल्क, थॉर, अ‍ॅव्हेंजर्स, काय काय काढलं. तुमच्या ऑफिसातल्या मार्व्हलवेड्याला विचारा, तो उडी मारेल. पण माइक हे त्याचं नाव नाहीच! खरं नाव डिओडाटो ताउमातुर्गो बोर्जेस फिल्यो. १९९०च्या दशकात अमेरिकन कंपन्यांना ब्राझीलचे चित्रकार भराभर मिळायला लागले. काम सॉलिड, पण नावं उच्चारता येईनात. मग मधल्या एजन्सीच्या सल्ल्याने नावं इंग्रजी झाली. हा माइक झाला, बेनेडिटो जोझे नाशिमेंटो नावाचा त्याचा देशबांधव जो बेनेट झाला. आपले कॉल सेंटरमधले मित्र रात्री 'धिस इज सॅम' म्हणायचे ना, डिट्टो तसंच. फरक एवढाच की आपल्या सॅमचं नाव फोन ठेवला की संपायचं, यांचं कायमचं छापलं जायचं.

डिओडाटोची मला आवडलेली गोष्ट वेगळीच आहे. त्याचे वडीलही कॉमिक्सवाले. ब्राझीलच्या ईशान्येला कँपिना ग्रांदे नावाचं शहर आहे, मोठ्या शहरांच्या हिशेबात आपल्या विदर्भासारखंच कुठेतरी लांब. तिथे या वडिलांनी 'फ्लामा' नावाचा हिरो तयार केला, आधी रेडिओवर आणि मग १९६३ मध्ये कॉमिकमध्ये. म्हणजे पोराचा जन्म आणि वडिलांच्या कॉमिकचा जन्म एकाच वर्षी. त्या पोराला कधी विचारावं लागलं नसेल की चित्रं काढून जगणारा एक माणूस दाखवा. तो समोर जेवायला बसलेला असायचा.

आपल्याकडेही असं एक घर आहे. राम वाईरकर. अमर चित्र कथेचा पहिला भारतीय कथेचा अंक 'कृष्ण', तो वाईरकरांनी काढला. तो निळा गुटगुटीत बाळकृष्ण आठवतोय? कॅलेंडरवर, शाळेच्या गॅदरिंगमध्ये, आपल्या डोक्यात, सगळीकडे तोच आहे. बिरबलच्या कितीतरी गोष्टी त्यांच्याच. टिंकल १९८० साली सुरू झालं आणि १९८३ मध्ये त्रिचीच्या एका वाचकाने एका वेंधळ्या नोकराच्या गोष्टी पाठवल्या. त्या नोकराला निमुळतं डोकं आणि तो बावळट, प्रेमळ चेहरा दिला वाईरकरांनी. सुप्पांडी! वाईरकर २००३ मध्ये गेले. त्यांच्यानंतर सुप्पांडी काढायला घेतला त्यांच्या मुलीने, अर्चना आंबेरकर यांनी. मी त्यांचे आणि वडिलांचे सुप्पांडी शेजारी ठेवून पाहिले. रेघ बदललीय, पण तो माणूस तोच आहे. आपल्या घरातल्या कोणाचं तरी काम असं हातात घेणं म्हणजे काय वाटत असेल, हा विचार मी बराच वेळ करत बसले. कारण मला दादाचं काम हातात घेणं सोडा, त्याखाली त्याचं नाव लिहिणंही जमलं नव्हतं.

आता ती गोष्ट. सांगायला लाज वाटते, पण सांगते.

तीन वर्षांपूर्वी एका अंकात माझा ताडोबावर लेख छापून आला. मोठा, चार पानांचा. त्यासोबत चित्रमय नकाशा हवा होता आणि बजेट नव्हतं. मी दादाला म्हटलं, देशील का काढून? त्याने दुकान बंद झाल्यावर रात्री जागून तीन दिवसांत नकाशा काढला. हाताने. बांबूचं रान, मोहाची झाडं, तळं, मगर, अस्वल, आणि कोपऱ्यात आपल्याकडे पाठ करून निघालेली वाघीण. अंक आला. लेखावर माझं नाव ठळक, सोबत माझा फोटो. नकाशावर काही नाही. मी संपादकांना नाव कळवलंच नव्हतं. त्यांनी विचारलं नाही, आणि मला सुचलं नाही. म्हणजे एरवी कोणी माझी बायलाइन उडवली की मी फेसबुकवर दीड पानाचा निबंध लिहिते, आणि सख्ख्या भावाची बायलाइन मीच खाऊन टाकली. दादाने कधी विषय काढला नाही.

या दिवाळीत त्याच्या दुकानात गेले. वाढदिवसाचे फ्लेक्स चालू होते. कोणत्या तरी भाऊंचा वाढदिवस. मध्ये भाऊ फोनवर बोलताना, मागे सूर्य, खाली सिंह, आणि सगळ्यांत खाली शुभेच्छुक. पासपोर्ट साइज फोटोंसकट बेचाळीस नावं. मी मोजली. (महाभारताइतकी!) भाऊंच्या मागचा सूर्य दादाने काढलाय, सिंहाचा जबडा त्याने दुरुस्त केलाय, भाऊंची ढेरीसुद्धा त्यानेच कमी केलीय. वरोऱ्यात असा चौक नाही जिथे त्याचं काम लागलेलं नाही, आणि त्या बेचाळिसांत त्याचं नाव नाही. मी म्हटलं, 'तुझं पण टाक की शेवटी, बारीक अक्षरात.' तो हसला. 'शुभेच्छुक वाढले तर अक्षरं लहान होतात, मग प्रत्येक जण येऊन भांडते. माझं कुठे टाकतेस?' हल्ली तर गिऱ्हाइकं मोबाइलमध्ये एआयने केलेलं चित्रच घेऊन येतात, त्याने सांगितलं. 'फक्त साइज करून दे दादा.' बोटं सहा असतात, ती पाच करायची. तेवढंच हाताचं काम उरलं.

आणि काउंटरच्या मागे, लक्ष्मीच्या फोटोशेजारी, माझा ताडोबाचा लेख. लॅमिनेट केलेला. चारही पानं. मी तिथे उभी असतानाच एक काका आले, नकाशा पाहायला लागले आणि म्हणाले, 'मस्त काढलं हो, कोणी काढलं?' दादा मॉनिटरमधून मान वर न करता म्हणाला, 'माझ्या बहिणीचा लेख हाय तो.'

मी काही बोलले नाही. काय बोलणार? चहा आणते म्हणून बाहेर पडले आणि टपरीवर उगाच दोन चहा प्यायले.

पेटी रद्दीत गेली नाही. आईशी तह झाला. पेटी घराबाहेर गेली, पण रद्दीवाल्याकडे नाही, दुकानात. दादाने अंक उन्हात वाळवले, कडुनिंबाचा पाला घालून परत भरले. अर्धे तिथल्या बाकावर ठेवलेत, प्रिंट निघेपर्यंत पोरांना वाचायला. नागराजची पहिली पानं उघडून तो आता गिऱ्हाइकांच्या पोरांना दाखवतो, 'हे प्रताप मुळीक. पुण्याचे.' एका पोराने विचारलं म्हणे, 'काका, तुम्ही ओळखता?'

पुण्याला परत आल्यावर मी दोन कामं केली. ताडोबाच्या लेखाचं पुढे पुस्तक करायचं चाललंय, त्या संपादकांना मेल टाकला की नकाशाखाली चित्रकाराचं नाव हवं. उत्तर आलं, 'नक्की, स्पेलिंगसह कळवा.' मग दादाला मेसेज केला, नाव कसं छापायचं? पूर्ण? की फक्त आद्याक्षरं? की माइकसारखं काही फॅन्सी घेतोस?

दोन निळ्या खुणा आल्या. बराच वेळ 'टायपिंग' दिसत राहिलं, मग बंद झालं, मग परत सुरू झालं. मला वाटलं आता मोठं काहीतरी येणार. आमच्या आडनावात 'ळ' आहे, हे मी तुम्हाला सांगायचं विसरलेच.

मेसेज आला. 'पूर्ण टाक. आणि प्रूफ आलं की मला आधी दाखव. ळ बघायचाय.'